रहिमतबीचे सहाशे शेअर

आष्ट्यात अंजनाबाईला अंजनाबाई म्हणून कुणी ओळखत नव्हतं. शेअरबाई म्हटलं की शेंबडं पोरसुद्धा घर दाखवायचं. साखर कारखान्याच्या शेअर विभागात बत्तीस वर्षं एकाच खुर्चीत बसलेली बाई, तिला दुसरं काय म्हणणार? नवरा मानसिंग फौजेत होता. काश्मीरकडं गाडी दरीत गेली आणि सव्विसाव्या वर्षी ती एकटी पडली. पोरबाळ नव्हतं. सासऱ्यानं कारखान्यात शब्द टाकला, आणि बाई जी शेअर विभागात शिरली ती निरोपाच्या शाल-नारळापर्यंत तिथंच राहिली. हात स्वच्छ, अक्षर टपोरं आणि जीभ जरा तिखट. चुकीचा अर्ज घेऊन येणाऱ्याला ती असा काही झापायची की पुढच्या वेळी गडी बायकोला पाठवायचा.

आमच्या भागात शेअर म्हणजे काय, हे आधी सांगायला पाहिजे, नाहीतर पुढचं सगळं खुळेपणाचं वाटेल. कारखान्याचा शेअर म्हणजे आपल्या उसाला जागा, दिवाळीला सवलतीची साखर आणि वार्षिक सभेत मांडीवर अहवाल घेऊन बसायचा मान. तो विकायचा विचार कुणाच्या मनात येत नाही. बाप गेला की तेरावा उरकून पोरं वारसनोंदीला येतात. आणि कारखान्यानं मधेच शेअरची रक्कम वाढवली, दोन हजाराची पाच केली, पाचाची दहा केली, तर मुकाट्यानं वरचे पैसे भरायचे. न भरणारा अपुरा सभासद. त्याची साखर बंद, त्याचं मत बंद. असल्या अपुऱ्या सभासदांच्या याद्या अंजनाबाईनं स्वतःच्या हातानं लिहून फलकावर लावल्या होत्या. यादीत नाव आलेली मोठी मोठी माणसं तिच्या टेबलापुढं खाली मान घालून उभी राहिलेली तिनं बघितली होती. त्यामुळं बाईच्या डोक्यात दोन गोष्टी खिळा ठोकल्यासारख्या बसल्या होत्या. शेअर विकायचा नसतो. आणि वाढवायला सांगितला की वाढवायचा असतो.

कारखान्यापुरतं हे खरंच होतं. घोटाळा झाला तो पुढं.

नोकरीत असतानाच तिनं भूमिजल नावाच्या कंपनीचे शेअर घेतले होते. ठिबकचे पाइप करणारी कंपनी. कवठे महांकाळकडच्या माळावर द्राक्षं आणि डाळिंबं उभी राहात होती, पाइपांनी भरलेले ट्रक रोज रस्त्यानं जाताना दिसायचे. मानसिंगच्या पाठीमागं आलेला पैसा कधीचा तसाच होता. तिनं साठ रुपयांनी चार हजार शेअर घेतले आणि विसरून गेली. पाच वर्षांनी, २०१७ साली, तोच शेअर पाचशेवर गेला. बाईनं कुणाला सांगितलं नाही, पण चालण्यात फरक पडलाच. भाजीवाल्याशी घासाघीस करणं तिनं सोडून दिलं, एवढं शेजारणींच्या लक्षात आलं.

शेजारीण म्हणजे मुख्य करून रहिमतबी. मधे एक भिंत, पलीकडं तिचं घर. तिचा नवरा महंमद गाद्या भरायचा आणि ती पुढच्या खोलीत ब्लाउज शिवायची. चाळीस वर्षांचा शेजार. शेवयांची वाटी इकडं, पुरणाची पोळी तिकडं, हे तर झालंच. पण अंजनाबाईला टायफॉइड झाला तेव्हा सतरा दिवस रहिमत तिच्या उशाशी होती. ती तिला आक्का म्हणायची. नवरा-बायकोनं ठरवलं होतं की दोघांनी मिळून हजला जायचं. वीस वर्षं ती दोघं त्यासाठी पैसे बाजूला टाकत होती. मग महंमदला किडनीचं दुखणं लागलं. त्याच्या वाटणीचे पैसे दवाखान्यात गेले. रहिमतच्या वाटणीला त्यानं हात लावू दिला नाही. जाताना बायकोला म्हणाला, तू तरी जा.

पण जाणार कशी? बाईमाणसाला बरोबर घरचा पुरुष लागायचा, असा तेव्हा नियम होता. नवरा गेलेला, भाऊ नाही, पोटी एकच लेक नूरीन, ती मिरजेला दिलेली. पैसे होते आणि वाट नव्हती. दोन लाख चाळीस हजार रुपये बँकेत पडून होते. व्याज धर्मात निषिद्ध, म्हणून त्यावर पडणारं व्याजसुद्धा रहिमत घेत नसे, दर वर्षी काढून कुणा गरिबाला देऊन टाकायची.

अशात मे महिन्यात भूमिजलचं पत्र आलं. कंपनी नवे शेअर काढतेय. बाजारात पाचशेला असलेला शेअर जुन्या भागधारकांना चारशेला, चार शेअरमागं एक. भरणार असाल तर अमुक तारखेच्या आत भरा, नाहीतर हक्क जाईल.

हक्क जाईल हे वाचलं आणि बत्तीस वर्षांची शेअरबाई जागी झाली. तिच्या वाटणीला हजार शेअर येत होते. चार लाख रुपये पाहिजे होते. तिच्याजवळ दीड-पावणेदोन लाखच मोकळे होते. उरलेल्या सहाशे शेअरांचा हक्क दुसऱ्याच्या नावावर सोडता येतो, असं पत्रात लिहिलेलं होतं. अंजनाबाई पत्र घेऊन तडक भिंतीपलीकडं गेली.

रहिमत मशीनवर होती. पाय न थांबवता तिनं सगळं ऐकलं.

"व्याज न्हाई ना त्यात?" तिनं विचारलं.

"व्याज कसलं? हा भाग हाय. कंपनी कमावती, तू तिची वाटेकरीण. उद्या कंपनीला तोटा आला तर तुलाबी तोटा. त्येला व्याज म्हणत न्हाईत."

"तोटा येईल व्हय?"

"पाच वर्षांत साठाचे पाचशे झाले रहिमत. आणि पाचशेची वस्तू चारशेला मिळतीय. माझा हक्क हाय, तो तुला सोडतीय. दुसऱ्या कुणाला सोडला नसता."

इथं मशीन थांबलं. रहिमतनं कापडाची कड बोटांनी सरळ केली. मग म्हणाली, "मला त्यातलं काय कळत न्हाई. तू म्हणतीस म्हणजे चांगलंच असंल. तुझ्या शब्दावर घेती."

अंजनाबाईला त्या दिवशी फार बरं वाटलं होतं, हे इथं सांगितलंच पाहिजे. तिच्या मनात कसलंही काळंबेरं नव्हतं. उलट स्वतःच्या ताटातला घास उचलून दिल्यासारखं तिला वाटत होतं. सतरा दिवसांचे उपकार थोडे तरी फेडले असं वाटत होतं. खातं उघडायला, सह्या करायला ती स्वतः रहिमतला घेऊन एसटीनं सांगलीला गेली. सहाशे शेअर रहिमतच्या नावावर आले तेव्हा तिनं पेढे आणले.

त्याच वर्षी दिवाळी झाली आणि बातमी आली. पंचेचाळीसच्या पुढच्या बायकांनी चौघींचा गट केला तर घरच्या पुरुषाशिवाय हजला जाता येईल. रहिमत भाजी चिरता चिरता उठून आली. तिचा चेहरा असा उजळलेला अंजनाबाईनं महंमद गेल्यापासून बघितला नव्हता. सांगलीतल्या तीन बायका तयार होत्या. चौथी पाहिजे होती. अर्ज महिन्याच्या आत भरायचा होता.

"आक्का, ते शेअर काढून टाकू या," रहिमत म्हणाली. "आता कितीला हायती?"

पाचशे साठला होते. सहाशे शेअरांचे तीन लाख छत्तीस हजार होत होते. हजला तेव्हा अडीच-पावणेतीन लाख लागायचे. जाऊन येऊन हातात पैसे उरले असते. आजही अंजनाबाईला हा हिशेब झोपेतून उठवून विचारला तरी ती सांगेल.

आणि त्या दिवशी बाईनं काय केलं? तिनं रहिमतला पाटावर बसवलं, चहा दिला आणि समजावून सांगितलं. पोटच्या लेकीला सांगावं तसं सांगितलं. शेअर असा विकायचा नसतो. आत्ता कुठं घेतलाय. कंपनीनं पैसे कशाला उभे केले? नवा कारखाना काढायला. तो सुरू झाला की आठशे व्हईल, हजार व्हईल. एक वर्ष थांब. नियम काय पळून जात न्हाई आणि मक्काबी तिथंच हाय. पुढच्या वर्षी जा, नूरीनलाबी घेऊन जा.

नूरीनला घेऊन जा, या शब्दानं रहिमत विरघळली. लेकीला बरोबर न्यायचं तिनं कधी स्वप्नातही आणलं नव्हतं. तिनं चहा संपवला. "बरं, तू म्हणतीस तर थांबती," म्हणाली आणि गेली. त्या तिघींना चौथी आष्ट्याबाहेर मिळाली.

शेअर हजारावर गेला नाही. आठशेवरही गेला नाही. बरं, एकदम कोसळला असता तर माणूस ओरडतो, रडतो, काहीतरी करतो. तसंही झालं नाही. तो पाचशे साठवरून चारशे नव्वदला आला. मग साडेचारशे. बाई म्हणाली, दम खातोय. मग तीनशे चाळीस. नवा कारखाना उभा राहिला, पण पाइप करणाऱ्या आणखी चार कंपन्या निघाल्या होत्या. नफा वाढेना, आणि त्यात वाटेकरी वाढलेले. कोरोनाच्या वर्षी शेअर एकशे पाचला गेला. पुढच्या वर्षी सगळा बाजार उसळला, ज्याच्या त्याच्या तोंडी शेअरची भाषा आली, लोकांचे पैसे तिप्पट-चौपट झाले. भूमिजल मात्र दोनशे सत्तरवर जाऊन थबकला. तेवढ्यात कंपनीनं पुन्हा नवे शेअर काढले. पुन्हा पत्र आलं, पुन्हा हक्क जाईल म्हणून लिहिलेलं होतं. अंजनाबाईनं कानातल्या कुड्या गहाण ठेवल्या आणि पुन्हा पैसे भरले.

दर वर्षी हजच्या अर्जाचे दिवस आले की रहिमत भिंतीपलीकडून विचारायची, "आक्का, शेअर काय म्हणतोय?" आणि आक्का म्हणायची, "थांब अजून थोडं." दोन हजार अठराला विचारलं, एकोणीसला विचारलं. बावीसला रहिमतच्या गुडघ्यांनी दगा दिला. मशीनला मोटर बसवून घ्यावी लागली. तेवीसला तिनं विचारलंच नाही. अंजनाबाई आठवडाभर भिंतीकडं कान लावून बसली होती. विचारणं थांबलं तेव्हा तिला पहिल्यांदा भीती वाटली.

चोवीस साली भूमिजलचं तिसरं पत्र आलं. अंजनाबाईची भाची पूजा सांगलीत एका सीएच्या ऑफिसात होती, रविवारी आत्याकडं जेवायला यायची. बाईनं पत्र तिच्यापुढं ठेवलं. "एवढा फॉर्म तेवढा भरून दे. शेवटची तारीख जवळ आलीय."

पूजानं पत्र वाचलं. मग मोबाइल काढून बराच वेळ काहीतरी बघत बसली. तिच्या ताटातली आमटी गार झाली.

"आत्या, तुम्ही हे आधी दोनदा भरलंय?"

"भरलंय की. न भरून कसं चालंल? हक्क जातो."

"रागावू नका, पण एक विचारते. कंपनी नवे शेअर कधी काढते?"

"पैसे लागले की काढती."

"पैसे बँकेतूनबी मिळतात. शेअरच कधी काढते?"

अंजनाबाईला हा शाळेतला सूर आवडला नाही. बत्तीस वर्षं शेअर विभागात काढलेल्या बाईला ही काल आलेली पोरगी शिकवणार. ती भाकरी थापत राहिली.

पूजा म्हणाली, "तुम्ही हरिपूरच्या. आजोबा पेवांवर होते. पेव कधी उघडायचे?"

हरिपूरला कृष्णेकाठी जमिनीत खोल खड्डे खणून त्यात हळद साठवायचे, त्यांना पेव म्हणतात. वर तोंड लिंपून टाकलं की हळद वर्षानुवर्षं टिकायची. अंजनाबाईचा बाप पेवांवर कामाला होता. तोंड उघडून आतली हवा बाहेर जाऊ द्यायची, मग कंदील सोडायचा, तो विझला नाही तर माणूस उतरायचा. हे सगळं तिनं परकराच्या वयात काठावर बसून बघितलं होतं. आणि पेव कधी उघडायचे हेसुद्धा तिला ठाऊक होतं. व्यापारी रोज सांगलीच्या बाजारात भाव बघून यायचा. भाव पडलेला असला की बापाला म्हणायचा, आज नको. भाव आभाळाला टेकला की सकाळी सकाळी माणूस धाडायचा.

"दर चढला की," अंजनाबाई म्हणाली. आणि तिचे हात थांबले.

"मग?" पूजा हळू आवाजात म्हणाली. "ज्याच्याजवळ माल आहे, त्याला भाव कधी चांगला आहे ते सगळ्यांच्या आधी कळतं. कंपनीपेक्षा कंपनीचा शेअर जास्त कुणाला कळणार? महाग झालाय असं त्यांना वाटलं म्हणून त्यांनी पेव उघडलं. भूमिजलवाले चोर न्हाईत आत्या. त्यांनी त्यांचा माल चांगल्या भावाला विकला, एवढंच. जाणकारांनी पाच-पाच वर्षांचे आकडे मांडून बघितलेत. नवे शेअर काढणाऱ्या कंपन्या पुढं बऱ्याचदा बाकीच्यांच्या मागं पडतात. सगळ्या न्हाई, पण बऱ्याच."

तव्यावरची भाकरी करपली. पूजानं उठून गॅस बंद केला.

"मला वाटलं, हा आपला मान हाय," अंजनाबाई म्हणाली. "आपल्याला आधी विचारतात म्हणून."

पूजानं करपलेली भाकरी बाजूला काढली. आत्याचे स्वतःचे साठाचे शेअर अजूनही फायद्यातच होते. आत्याचं काय बुडलं? पूजाला रहिमतची गोष्ट माहीत नव्हती. अंजनाबाईनं ती तिला सांगितली नाही. ती कुणालाच सांगितलेली नव्हती.

त्या आठवड्यात तिनं पहिल्यांदा शेअर विकले. बत्तीस वर्षं आणि वर नऊ, एवढ्या काळात जे केलं नव्हतं ते केलं. एकशे नव्वदला गेले. बँकेतून चार लाख काढून पिशवीत घातले आणि ती भिंतीपलीकडं गेली. वाटेत बोलायचं सगळं तिनं ठरवून ठेवलं होतं. माझं चुकलं, मी तुला चुकीचा सल्ला दिला, दुसऱ्यांदा तर तुझी वाटच अडवली. पण रहिमत समोर दिसली आणि तिच्या तोंडून निघालं ते भलतंच.

"हे घे. हजला सध्या चार लागतात म्हणं. तुझे शेअर मी घेती माझ्या नावावर."

रहिमतनं पिशवीकडं बघितलं. "चार लाखाचे हायती व्हय ते?"

"तुला काय करायचंय? तू फॉर्म भर."

"आक्का," रहिमत म्हणाली, "मला शिलाईच्या पैशानं जायाचं होतं. त्यातला एकेक रुपया कुठल्या ब्लाउजचा ते मी सांगितलं असतं. हे पैसे तुझं हायती. मी घेऊन काय करू?"

"दान म्हणून घे. बक्षीस म्हणून घे."

"आणि जाऊ कशी?" तिनं दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवले. "डॉक्टरनं काय सांगितलंय ते नूरीनला विचार. तिथं पाच-सहा दिस उन्हात, गर्दीत चालायचं असतंय. इथनं दारापातूर जाताना मला दोनदा थांबायला लागतंय. हजचं आता न्हाई आक्का. ते गेलं."

अंजनाबाई पिशवी घेऊन परत आली. पिशवी तिनं कोनाड्यात ठेवली आणि दिवसभर काही खाल्लं नाही. मनात एकच गोष्ट घोळत होती. पाचशे साठला रहिमत स्वतःच्या पायानं चालत आली होती. चिरायची भाजी टाकून आली होती.

पुढच्या वर्षी रहिमतनं आपले सहाशे शेअर विकून टाकले. या वेळी तिनं विचारलं नाही, नूरीनकडून परस्पर विकले. एक लाख चौदा हजार आले. त्यात मिरजेच्या गटाबरोबर उमऱ्याला जाता येत होतं. उमरा म्हणजे मक्केचीच धाकटी यात्रा; ती वर्षात कधीही करता येते, थोडक्या दिवसांची असते, चाकाच्या खुर्चीवर बसूनही होते. पण उमरा केला म्हणून हजचं कर्तव्य फिटत नाही. हे रहिमतला ठाऊक होतं, आणि एव्हाना अंजनाबाईलाही.

निघायच्या आदल्या दिवशी सकाळी रहिमत नूरीनचा हात धरून गल्लीत निघाली. त्या यात्रेला जाणाऱ्यानं जायच्या आधी ओळखीच्या सगळ्यांची माफी मागायची असते, म्हणून दारोदार जाऊन "बोललंचाललं माफ करा" म्हणायचं. लोक हार घालत होते, आमच्यासाठी दुआ मागा म्हणत होते. अंजनाबाई दारात उभी राहून सगळं बघत होती. तिचं घर भिंतीला भिंत लावून, पण रहिमत सगळ्या गल्लीत फिरून तिच्याकडं शेवटी आली. नूरीनला तिनं बाहेरच थांबायला सांगितलं.

पाटावर बसता येत नव्हतं, खुर्चीत बसली. अंजनाबाईनं चहा ठेवला, तर म्हणाली, "चहा राहू दे. माफी मागायला आलीय."

"माझी कसली माफी मागतीस?"

"ऐक. बाकीच्यांकडं उगं रीत म्हणून मागितली. तुझ्याकडं खरी मागायची हाय." रहिमतनं पदराचं टोक बोटाला गुंडाळलं. "सात वर्षं तू समोर आलीस की मी हसून बोललीय. तुझ्या शब्दाला व्हय म्हणलीय. आणि घरात जाऊन तुला शिव्या दिल्यात. नमाजला बसून सुदीक मनात यायचं, हिचं वाटोळं होऊ दे. हिनं माझ्या नवऱ्याचा शब्द मोडायला लावला. तू आजारी पडलीस मागल्या पावसाळ्यात, तवा मी पेज घेऊन आले, पण मला बरं वाटलं होतं. असलं मन घेऊन तिथं कसं जाऊ? तेवढं माफ कर."

अंजनाबाई शेगडीजवळच्या फरशीवर बसली. सात वर्षं जे बोलायचं राहिलं होतं ते तिथं बसून ती एकदाचं बोलली.

"माफ केलं." "सगळं केलं. पण चुकलं माझं रहिमत. तू पाचशे साठला आलीस तवा मी तुला जाऊ द्यायला पाहिजे होतं. मला कळत न्हवतं, पण कळतंय असं समजून मी तुला बसवून ठेवलं. तुझा हज माझ्यामुळं गेला. मला माफ कर."

बाहेर नूरीन कुणाशी तरी बोलत होती. हाराची दोन फुलं रहिमतच्या मांडीवर पडली होती, ती तिनं उचलून खुर्चीच्या हातावर ठेवली.

"ते मला अजून जमलं न्हाई आक्का," ती म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता. "खोटं कशाला बोलू, आणि तेबी निघायच्या टायमाला? माफ केलं म्हणायला एक मिनिट लागतं. पण आतनं व्हायला पाहिजे. तिथं गेल्यावर बघती."

ती उठली. अंजनाबाईनं तिला हात दिला, आणि तो रहिमतनं धरला. दारापर्यंत जाताना दोनदा थांबावं लागलं.

बारा दिवस झाले. अंजनाबाईनं मोबाइल पदरात बांधल्यासारखा जवळ ठेवला होता. देवपूजेला बसतानाही तो शेजारी. तेराव्या दिवशी दुपारी तीनला तो वाजला. मिरजेतून नूरीननं जोडून दिलेला फोन होता. पडद्यावर पांढऱ्या ओढणीतलं रहिमतचं तोंड दिसलं, मागं पांढरी फरशी, माणसंच माणसं. उन्हानं ती काळवंडली होती आणि खूप रडलेली दिसत होती.

"आक्का, दिसतंय का?"

"दिसतंय."

"खुर्चीवरनं काब्याभोवती सात फेऱ्या झाल्या. महंमदच्या नावानं दुआ मागितली. नूरीनच्या, पोरांच्या. सगळ्या गल्लीची नावं घेतली."

अंजनाबाईनं नुसती मान हलवली.

"तुला माफ करायचं राहिलेलं, ते जमलं न्हाई," रहिमत म्हणाली. "लय प्रयत्न केला. तिथं काब्याच्या भिंतीला हात लावून उभी ऱ्हायले, तरी न्हाई जमलं. पण तुझ्या तब्येतीसाठी मागितलं. तू जगली पाहिजेस, असं मागितलं. मी माफ करूस्तवर."

पाठीमागं कुणीतरी तिला हाक मारली. फोन बंद झाला. अंजनाबाईनं उठून रहिमतच्या घराची किल्ली घेतली. ती परवा येणार होती, घर झाडून पाणी भरून ठेवायला पाहिजे होतं.